आईचा सूर आणि माझी सारंगी

ती. ताईस,

तुझा धाकटा भाऊ पाकहेंग याचा शामशुइपो वस्तीतल्या चौथ्या मजल्यावरून वाकून नमस्कार. (वाकून म्हणजे खरोखरच वाकून. महिन्याभरापासून कंबर सरळ होत नाही.) तुझे गुडघे कसे आहेत? व्हँकूव्हरच्या थंडीत पायांत लोकरीचे मोजे घालतेस ना, की अजून तीच जुनी मिजास? भावोजींचा खोकला थांबला असेल अशी आशा. इकडे आम्ही सर्व सुखरूप आहोत, असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहितो.

फोन सोडून पत्र कशाला, असं तू म्हणशील. तर तुला आईचं माहीतच आहे. परदेशचा फोन म्हटला की मिनिटागणिक पैसे पडतात ही तिची समजूत काही केल्या जात नाही. "सगळे बरे, ठेव" एवढं बोलते आणि ठेवते. तिचं बोलणं टिपून तुला पाठवावं म्हणून मोबाइल तिच्यासमोर धरला, तर फोटो काढतोय समजून केस सारखे करते आणि तोंड मिटून हसत बसते. माझ्याकडे तिचे असे हसरे फोटो ढीगभर झाले, आणि शब्द एकही नाही. आणि शब्दांचंच तर सगळं दुखणं आहे, ताई.

झालं असं, की वसंतापासून आईची शहरी, म्हणजे कँटनची, बोली गळायला लागली. आधी बाजारातली नावं गेली, मग शेजाऱ्यांशी बोलायची वाक्यं गेली, आणि त्या जागी तिची तोयसानकडची गावबोली वर यायला लागली. जी उशिरा शिकली ती भाषा आधी जाते, दुधाची शेवटी, असं डॉक्टर म्हणाले. आणि वर, काळजी करू नका, असंही म्हणाले. (हे ते फी घेतल्यावर म्हणाले.) आता तूच सांग, काळजी कशी करू नये? तू आजीपाशी गावात वाढलीस म्हणून तुला ती बोली येते. मी इथं जन्मलो, आणि पोराला शाळेत कुणी गावंढळ म्हणू नये म्हणून आईनं माझ्यासमोर ती तोंडातून काढली नाही. तिनं इतक्या कसोशीनं लपवली की तिच्या पोटच्या पोराला तिचं म्हातारपणीचं बोलणं कळत नाही. सकाळी ती काहीतरी मागते. तुझी भावजय पेज आणून देते, मी पंखा लावतो, खिडकी उघडतो, खिडकी बंद करतो, आणि आई आमच्याकडे अशी बघते की जणू नोकर नवे आहेत, शिकतील हळूहळू.

खालच्या मासेवाल्याचं मूळ तोयसानचं, म्हणून त्याला गोड बोलून वर आणला. पण त्याचं गाव नदीच्या पलीकडचं निघालं. त्याला आईचं निम्मं कळलं, आईला त्याचं निम्मं, आणि उरलेल्या निम्म्यात कुणाची बोली अस्सल यावर दोघांचं जुंपलं. त्यानं म्हणे अक्षरं गिळली, आणि हिनं म्हणे जीभ दातांना लावून बाजूनं हवा सोडण्यात काहीतरी कुचराई केली. तो पाटी उचलून चालता झाला. हल्ली त्याच्याकडून मासे घेणं बंद आहे, आणि नव्या मासेवालीच्या माशांचे खवले नीट निघालेले नसतात.

आता आमच्या गायन मंडळाकडे वळतो. मी तिथं दोन तारांची सारंगी वाजवतो हे तुला ठाऊक आहे, पण कशी वाजवतो हे तू कधी विचारलं नाहीस, म्हणून सांगतो. आपल्या ऑपेरातल्या मोकळ्या चालींना पक्की चाल नसतेच. शब्दाला विचारायचं आणि सूर घ्यायचा, हा आमचा धंद्याचा रिवाज. बोलताना शब्द जिथं उंच जातो तिथं गाणाराही उंच जातो, शब्द खाली उतरला की चाल उतरते, आणि ज्या शब्दाचा शेवट ओठ मिटून किंवा घसा आवळून तुटतो तिथं सूरही तुटतो. सारंगीनं केसभर मागून चालायचं. आमचे प्रमुख क्वान मास्तर (शाळेतून निवृत्त झाले, शाळा त्यांच्यातून झाली नाही) प्रत्येक तालमीआधी सांगतात की आपल्या भाषेचे हे सूर हजार वर्षांचे आहेत, उत्तरेच्या लोकांनी आपले तुटके शेवट केव्हाच हरवले, आपण जपले, आणि त्यातही कँटन शहराच्या पश्चिम वेशीतला उच्चार तेवढा निर्मळ. एखाद्या तरुण गायिकेनं 'न'च्या जागी 'ल' म्हटला की मास्तर चष्मा काढून डोळे पुसतात.

आईला घरी एकटी ठेवता येत नाही, म्हणून मी तिला तालमीला नेत असे. कोपऱ्यात बसून ती भोपळ्याच्या बिया सोलायची. एके दिवशी मुख्य गायिकेचा घसा बसला. आई उठली, सालं हातरुमालात बांधली, आणि उभी राहून विरहाचा तो लांब चरण सुरू केला. ताई, शब्द न शब्द बरोबर. रोजचं बोलणं विसरलेल्या बाईला अख्खा चरण येत होता. मला भरून आलं, आणि मी सारंगी उचलली. तिथंच माती झाली. शहरी उच्चारात जो शब्द सर्वांत वर, तो तिच्या गावात मध्येच सपाट चालतो. मी वर गेलो, ती गेली नाही. मी घाईनं खाली आलो, तर ती तिसरीकडेच. ताल धरायला लाकडी ठोकळा वाजवणारा म्हातारा थांबून आमच्याकडे बघत बसला.

"मावशी, सूर चुकतोय," मास्तर जपून म्हणाले.

आईनं त्या दिवशी उरलीसुरली शहरी बोली गोळा केली. "शब्द माझा आहे," ती म्हणाली. "सूर दुसऱ्याचा कशाला घेऊ?"

मास्तर अडले की चहा मागवतात, तसा त्यांनी मागवला. चहा झाल्यावर म्हणाले, चंद्रोत्सवानंतर वस्तीतल्या वृद्धांसाठी आपला कार्यक्रम आहे, त्यात मावशींनी गायलं तर मंडळाची शोभा होईल. लोक म्हणतील, इतकी वर्षं शुद्ध उच्चाराची शिकवणी घेऊन हेच का. मी म्हटलं, मास्तर, रिवाज तुमचाच आहे, शब्दाला विचारायचं. शब्द काय सांगतोय ते ऐका. ते माझ्याशी चार दिवस बोलले नाहीत, पाचव्या दिवशी कार्यक्रमपत्रिकेत आईचं नाव घातलं. (सर्वांत शेवटी, आणि बारीक अक्षरांत.)

मग मी बसलो शिकायला. इतकी वर्षं वाजवून बोटांना जी सवय लागली ती मोडायची म्हणजे खायचं काम नाही. आई पलंगावर, मी स्टुलावर. ती एक शब्द म्हणायची, मी तार दाबायचो, चुकलो की ती माझ्या मनगटावर चापट मारायची. अर्थ मला कळत नव्हता, पण शब्द कुठं चढतो, कुठं पडतो, कुठं गपकन तुटतो ते कळायला लागलं. तुझी भावजय म्हणाली, या घरात आता बोलणारे दोघेच उरले आहेत आणि दोघेही कामाचे नाहीत.

कार्यक्रम झाला. आई निळा कुडता घालून उभी राहिली आणि चरण तिच्या गावच्या सुरात म्हणाली. मी केसभर मागून चाललो आणि एकदाही हरवलो नाही. सभागृहात कुणी हसलं नाही. चरण संपल्यावर आई खाली उतरेना. ती श्रोत्यांकडे वळून गावबोलीत बोलायला लागली, सावकाश, नीट, काहीतरी विचारत होती हे तिच्या मानेवरून कळत होतं. विचारून झालं आणि ती थांबली. उत्तराची वाट बघत होती, ताई. लोकांना वाटलं हाही गाण्याचाच भाग, आणि त्यांनी जोरात टाळ्या वाजवल्या. आईचा चेहरा एवढासा झाला. मी तिचा हात धरून तिला खाली आणलं.

असो. तुम्हा दोघांची प्रकृती जपा. भावोजींना नमस्कार. संत्र्याची वाळवलेली साल वेगळ्या पाकिटात पाठवली आहे, ती सूपमध्ये घाल, उगाच जपून ठेवू नकोस.

तुझा,
पाकहेंग

ता. क. वर 'कुणी हसलं नाही' असं लिहिलंय ते खोटं आहे. पुढची अख्खी रांग हसत होती. मास्तरांनी मागे वळून त्यांना दटावलं, आणि तेव्हापासून मी त्यांच्याशी बरा वागतो.

आणखी एक ता. क. पत्र चिकटवलं होतं, ते तुझ्या भावजयीनं वाफेवर धरून उघडलं आणि म्हणाली, खरं काय ते लिहा. तर लिहितो. त्या कार्यक्रमापासून आईची शहरी बोली पुरती गेली. रोज सकाळी ती मला एकच वाक्य विचारते, आणि मला त्यातलं अक्षर कळत नाही. काल काही सुचेना, म्हणून सारंगी घेतली आणि तिचं वाक्य जसं चढतं-उतरतं तसंच्या तसं तिला वाजवून दाखवलं. तिनं माझ्याकडे बघितलं. मग बोलायला लागली. खूप बोलली, मध्ये हसली, मध्ये रडली, थांबली की मी वाजवायचो, की पुन्हा सुरू. पेज निवून गेली. शेवटी तिनं माझा हात हातात घेतला आणि मान हलवली, काहीतरी ठरल्यासारखी. ताई, तिकीट काढ आणि ये. मी आईला कसला तरी शब्द दिला आहे, आणि तो काय, ते तुझ्याशिवाय मला कुणी सांगू शकत नाही.