एक्सपोसितो पुढेच राहील

बिल्बाओ, मंगळवार

प्रिय बाबा,

तुमची नात आणि मी, दोघी ठणठणीत आहोत. मध पोचला. गुडघा कसा आहे?

इथे मात्र बाळाच्या नावापुढे आमच्या दोघांच्या आडनावांपैकी आधी कुठलं लावायचं, यावरून रोज डोकं उठतं. सासरे म्हणतात, "आमचं मेंदिसाबाल, म्हणजे रुंद डोंगर. तुमचं एक्सपोसितो, म्हणजे उघड्यावर टाकलेलं पोर. ते मागे ठेवा." मागचं आडनाव तिच्या मुलांपर्यंत पोचणारच नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक आहे. तुमचा जावई गोर्का तेवढ्यात भांडी घासायला उठतो.

आणि तुम्ही फोनवर म्हणालात, "जाऊ दे गं, त्या नावाला काय सोनं लागलंय?" सासऱ्यांपेक्षा तुमचाच राग आला, बाबा. मठाच्या दारात सापडलेल्या तुमच्या आजोबांना सगळे आडनाव बदल म्हणत होते. ते काय म्हणायचे, ते तुम्हीच मला सांगितलंत: "आई शोधत आली, तर कुठल्या नावाने विचारेल?"

काल गोर्काला बजावलं, एक्सपोसितो पुढेच राहील. तो हो म्हणाला, पण म्हणाला, "माझ्या बाबांना तूच सांग."

सांगेन. तुमच्या आजोबांना एकदा दारात सोडून झालंय, मी पुन्हा सोडणार नाही.

गुडघा शेकत जा.

तुमच्यावर अजून रागावलेली,
कासिल्दा