पर्जन्यमापकाची जागा

४ जून
आलो एकदाचा! हवामान केंद्राचं घर दोनच खोल्यांचं, पण अंगण ऐसपैस. चहूकडे सखल, सपाट रान; टेकडी औषधालाही नाही. पाऊस पडतो आणि तिथेच बसून राहतो. काडी पेटत नाही, मिठाचं पाणी होतं. तरी स्वारी खूश आहे. नोकरी पक्की झाली की ही आणि आमची चिमी इकडेच येणार.

काम सोपं. अंगणातल्या पर्जन्यमापकात, म्हणजे एका पितळी भांड्यात, रोज किती पाऊस साठला ते साहेबांना फोनवर कळवायचं. नियम एकच: आसपास झाड नको.

११ जून
पाऊस धो धो, भांडं कोरडं! साहेबांनी झापलं. बघतो तर भांड्यावर एक झाड ओणवलेलं. काल ते तिथे नव्हतं असं सांगितलं, तर म्हणाले, डोकं ठिकाणावर आहे ना? नियमाप्रमाणे भांडं घराकडे सरकवलं.

१५ जून
पुन्हा तेच. पुन्हा सरकवलं. नुसता वैताग! असल्या आकड्यांवर नोकरी पक्की होतेय, झालं. हिला मात्र धीर नाही. काही होवो, रविवारी येतेच म्हणाली.

१९ जून
भांडं आता पायरीशी. झाडंही. दार अर्धंच उघडतं. कसाबसा घरामागे गेलो, तर तिथलं रान साफ मोकळं. झाडांच्या जागी नुसते पाण्याने भरलेले खड्डे. म्हणजे झाडं भांड्यामागे येतायत. आणि मी गाढव रोज त्यांना दाराशी आणत बसलो!

२० जून
सकाळीच भांडं सायकलला बांधून इकडे येणाऱ्या रस्त्यावरच्या पार पुलाशी टाकून आलो. दुसरीकडे टाकणार कुठे? रस्ता सोडला तर सगळा चिखल. नोकरी गेली खड्ड्यात.

२१ जून
अंगण मोकळं! ऊन आलंय. पोटभर जेवलो. रविवारच्या आत घर आवरायला—

हिचा फोन. गाडी मिळाली म्हणून आजच निघाल्या. पुढे रस्ताच नाही, नुसती झाडं, म्हणाली. पुलाशी चिमीला पितळी भांडं सापडलंय. मांडीवर घेऊन बसलीय—

ओरडलो, फेका ते आधी! फोन बंद. लागत नाही— सायकल काढतोय— कोणी शोधत आलंच तर त्या भांड्याला हात—

पुन्हा वाजतोय. चिमी. रडतेय. म्हणते, बाबा, हातातून सुटत नाही, आतून मुळं—