तीन दिवसांचा गोमेद

शिवाजीनगर, बंगळूर
१२ ऑक्टोबर १९९७

चि. सौ. शुभदास अनेक आशीर्वाद.

'सौ.' लिहायला मला दोन वर्षं लागली. हसू नकोस.

इथे सगळं ठीक. तुझी आई गुडघ्यांना शिव्या देत घरभर हिंडते. दुकान चाललंय. जयपूरहून तामड्यांची पुडी आली, डाळिंबाच्या दाण्यांसारखे लाल खडे. आफ्रिकेचा एक हिरवाही आलाय. लहानपणी तू विचारायचीस, "अण्णा, हा लाल, तो हिरवा, सिलोनचा गोमेद मधासारखा, मग हे भाऊ-भाऊ कसे?" मी ऐटीत सांगायचो, "घराणं एकच गं, माती तेवढी वेगळी."

मोठा शहाणा मी! मोहनकुमार तुझा हात मागायला दारात आला, तेव्हा मला त्याची भाषा दिसली, जात दिसली. पोरगा दिसलाच नाही. तुझी आई "स्वल्प बसा" म्हणून कॉफी ठेवायला आत गेली, आणि कॉफीला उकळी यायच्या आत मी त्याला घालवून दिलं.

परवा जयनगरच्या सुशीलाबाई आल्या. राहूसाठी गोमेद नेला होता. आपल्या दुकानाची रीत तुला ठाऊकच आहे. अंगठीत बसवण्याआधी खडा तीन दिवस उशीखाली ठेवायचा. सोसला तर ठेवायचा, नाही तर परत, आणि आपण कारण विचारायचं नाही. बाई म्हणाल्या, "सोसला नाही हो, अण्णा." मी "सरी, अक्का, हरकत नाही" म्हणून ठेवून घेतला. त्या गेल्या, आणि मी तो खडा मुठीत धरून कितीतरी वेळ नुसता बसून राहिलो.

दगडाला आपण तीन दिवस देतो गं. तुझ्या नवऱ्याला मी एक कॉफीभर वेळ दिला नाही. चुकलं माझं.

तुमच्या व्हाइटफील्डची बस दुकानासमोरूनच सुटते. रोज तिची पाटी वाचतो. एकदा तर पायरीवर पाय ठेवला होता. कंडक्टरने शिट्टी मारली आणि मी उतरलो. कुठल्या तोंडाने येणार होतो?

फार आठवण येते, बाळ. खडे निवडायला बसलो की अजून खिडकीकडची उजेडाची जागा तुझ्यासाठी सोडतो. तुझी आई बघते आणि ती जागा पुसून ठेवते.

दिवाळीला दोघं या. तीनच दिवस. मी सोसलो नाही तुम्हांला, तर खुशाल परत जा. कारण विचारणार नाही.

तुम्हां दोघांचा,
अण्णा