नंदिताच्या सिनेमात वेंकटराव

३ मार्च १९९४, गुरुवार
मद्रासहून नंदिता नावाची मुलगी आली. आपल्यातलीच आहे, तमिळ मुलखात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी घरातली, पण मराठी निम्मी तमिळ. आमच्या गल्लीवर छोटा सिनेमा काढणार. गोष्ट नाही, गाणी नाहीत, नुसतं रोजचं जगणं. असलं कोण बघणार? तरी परवानगी दिली. अट एकच: आमच्या यजमानांचं, वेंकटरावांचं, नाव त्यात आलं पाहिजे. एकतीस वर्षं पापनाशम गावच्या ऑफिसात, एक दिवस उशीर नाही. गेले तेव्हा पेपरात एक ओळ आली नाही. ती म्हणाली, बघू अक्का. म्हणजे हो.

४ मार्च, सकाळी
सिनेमात यांच्याबद्दल बोलायचं भाषण लिहिलं, चार पानं झालं. ते गेल्यावर त्यांच्या पुस्तकांवरून मी देवनागरी शिकले. घरात दुसऱ्या कोणाला ही लिपी वाचता येत नाही, म्हणून या वहीत खरं लिहिते: सून हरिप्रिया आळशी आहे.

दुपारी
रेशमी साडी नेसून दोन तास बसले. नंदिताचा कॅमेरा दह्याच्या भांड्यावर. मग मांजरावर. मी विचारलं, पापनाशमला मांजर नोकरीला जायचं का? हसली. शिस्त नाही.

५ मार्च
समोरच्या कमलाक्षीचं दारातलं कोलम, म्हणजे पिठाची रांगोळी, कॅमेऱ्यात घेतलं. वाकडं. तिने विचारलं, तुझं काही घेतलं की नाही गं? मी म्हटलं, महत्त्वाचं शेवटी घेतात. तिच्याशी बोलणं बंद.

७ मार्च
भाषण केलं. सव्वा तास. कागदाकडे पाहिलंसुद्धा नाही. रडले नाही. दोन वर्षं झाली, रडणं मी केव्हाच संपवलंय.

२० ऑगस्ट, शनिवार
सिनेमा कॉलेजच्या हॉलमध्ये दाखवला. कमलाक्षीला मुद्दाम शेजारी बसवलं. बारा मिनिटं. दह्याचं भांडं, मांजर, वाकडं कोलम, आणि वर माझा आवाज: हे सहाच्या गाडीने जायचे, हे उभ्यानेच कॉफी घ्यायचे. नाव कुठेच नाही. कमलाक्षी म्हणाली, ‘हे’ म्हणजे मांजर का गं?

नंदिताला धरलं. खोटारडी म्हटलं. ती म्हणाली, अक्का, सव्वा तासाची टेप दोनदा ऐकली. तुम्ही एकदाही नाव घेतलं नाही, सगळीकडे नुसतं ‘हे’. उद्या टेपरेकॉर्डर आणते, नुसतं नाव सांगा, जोडते.

एवढंच ना. एका मिनिटाचं काम.

२१ ऑगस्ट
हरिप्रियाला बाहेर पाठवलं. दार लावून घेतलं. पाणी प्याले. टेप सुरू केली. संपेपर्यंत बसले.

नंदिताने ऐकली. पंखा, माझा श्वास, मध्येच रस्त्यावरचा हॉर्न. म्हणाली, अक्का, फार सुंदर आहे, असंच ठेवते.

मशीन बिघडलंय. तिला अजून कळलेलं नाही.