बिननावाचं पत्र

अबू धाबी, १४ मार्च २०१२

प्रिय साधना,

रोज चॅटवर भेटणारी ही बया आज पत्र कसलं लिहितेय, म्हणून हसशील. हस. खलिफा सिटीतलं आमचं नवं घर छान आहे, लेक ओवी मराठीत विचारलं तरी इंग्रजीतच उत्तर देते आणि मी पूर्वीइतकीच आगाऊ आहे.

काल ऑफिस सुटल्यावर उगाच एका व्याख्यानाला जाऊन बसले. पंचाहत्तरीच्या फ्रेंच बाई, इतिहासकार. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी त्यांच्या देशावर कबजा केला, त्या काळावर जन्मभर काम केलेलं. मला वाटलं, भूमिगत, बंदुका, पूल उडवणं असलं काही ऐकायला मिळेल. बाईंनी पडद्यावर पत्रं दाखवली. शेजाऱ्यांनी शेजाऱ्यांविरुद्ध पोलिसांना लिहिलेली, बिननावाची. अक्षर कसं, मोत्यासारखं! बाई म्हणाल्या, ही कुणी मागितली नव्हती, लोकांनी आपण होऊन लिहिली. एका गावात टपाल निवडणारी बाई असली पाकिटं ओळखून गुपचूप शेगडीत टाकायची. त्यालाही त्या प्रतिकारच म्हणतात. मग एका पत्राचा शेवट त्यांनी इंग्रजीत वाचून दाखवला, 'एक हितचिंतक'. साधना, मी डोकं धरून बसले. शेजारच्या अनोळखी माणसाने पाणी आणून दिलं.

२००९चा जानेवारी आठव. दुबईत डिस्कव्हरी गार्डन्समध्ये आपली दारं समोरासमोर, ऑफिसात टेबलं शेजारी. मंदीने साइटवरच्या क्रेन थांबल्या होत्या, रोज कुणाची तरी नोकरी खलास. आपल्या दोघींपैकी एकीची खुर्ची जाणार, हे ठरलेलं. त्याच आठवड्यात तू मला दिवस गेल्याचं सांगितलंस आणि रजेची चौकशी करायला एचआरमधल्या जुलेखाकडे गेलीस. चार दिवसांत तुझं नाव यादीत आलं, महिन्याभरात तुम्ही पुण्याला. विमानतळावर मी तुझ्याहून जास्त रडले. ते रडणं खोटं नव्हतं, हेच मला अजून समजत नाही.

तीन वर्षं तू जुलेखाला शिव्या देतेस आणि मी हो ला हो करते. तिने तोंडातून शब्द काढला नव्हता. साहेबांच्या टेबलावर कागद मी ठेवला, कुणी मागितलेला नसताना. 'साधना गरोदर आहे, कंपनीच्या भल्यासाठी कळवणं कर्तव्य समजते', एवढंच, आणि खाली 'एक हितचिंतक'. या पत्राची प्रत आजच जुलेखाला पाठवतेय. 'तुझीच' लिहायला हात धजत नाही. त्या कागदावर नाव नव्हतं, म्हणून इथे पूर्ण लिहिते.

ममता दिगंबर केळसकर