धाकट्या नदीच्या पुराची उंची कमी करून मिळणेबाबत

प्रति,
मा. उपविभागीय अधिकारी साहेब,
पूररेषा व स्थलांतर कार्यालय (जिना चढून डावीकडची दुसरी खोली)

विषय: एक्केचाळीस वर्षांपूर्वीचा धाकट्या नदीचा महापूर आलाच नव्हता, सबब तो दप्तरातून काढून टाकून पाचही गावांची लाल रेषा खाली आणणेबाबत.

संदर्भ: १) गाव नव्वद दिवसांत रिकामे करण्याची आपली नोटीस. २) अर्जदाराचे यापूर्वीचे दोन अर्ज. ३) ते दोन्ही फेटाळल्याचे आपले पत्र.

अर्जदार: मधल्या गावचा शिंपी, वय एकाहत्तर.

महोदय,

सविनय सादर करण्यात येते की,

१. अर्जदाराचे दुकान नदीच्या काठाला, पुलापासून सातवे. पुढे दुकान, मागे घर. दुकानात दोन शिलाई यंत्रे. एकावर अर्जदार बसतो, दुसऱ्यावर त्याची पत्नी. काजे-बटणे आणि हातशिलाई सारी तिच्याकडे. (तिचा उल्लेख पुढे 'सौ.' असा केला आहे.) नदी एवढी लहान की सरकारी नकाशावर तिला नाव नाही. खोऱ्यातली माणसे तिला धाकटी म्हणतात, कारण खाली ती ज्या नदीला मिळते ती थोरली. खोऱ्यात पाच गावे. वरच्या गावात शिंकले तर खालच्या गावात रुमाल काढतात, एवढे जवळ.

२. अर्जदार थापाड्या आहे ही बाब त्यास मान्य आहे. आपल्या पत्रात 'सदर इसम सवयीने अतिशयोक्ती करणारा असल्याचे स्थानिक चौकशीत आढळले' असे जे नमूद आहे, त्याबद्दल तक्रार नाही. उलट चौकशी करणाऱ्यांनी कमीच लिहिले. धाकटीतले मासे उन्हाळ्यात सावलीसाठी पुलावर चढून बसतात, ही हकिकत अर्जदाराचीच. एकदा नदी वरच्या गावात काही विसरली म्हणून अर्धा दिवस उलटी वाहिली, हीही त्याचीच. मात्र मापाच्या बाबतीत अर्जदाराने आयुष्यात एक सूतभरही खोटे सांगितलेले नाही. छाती अडतीस असेल तर अडतीस, मग गिऱ्हाईक कितीही श्वास ओढून उभे राहो. हे गिऱ्हाइकांना विचारून खात्री करावी.

३. दोन वर्षांपूर्वी आपल्या कार्यालयाचे मोजणीदार लांब काठी घेऊन खोऱ्यात आले. मुलगा सालस होता. एवढ्याशा नदीच्या पाण्याची नोंद कोणी कधी ठेवली नसल्याने, गावातल्या वृद्धांच्या साक्षीवरून सर्वांत उंच पाण्याची खूण धरावी असा नियम आहे, असे त्यांनी सांगितले. त्यांच्या पॅन्टची शिवण उसवली होती. ती घालून देईपर्यंत ते टॉवेल गुंडाळून दुकानात बसले. शिलाई करता करता तोंड बंद ठेवणे अर्जदाराला जमत नाही. त्याने एक्केचाळीस वर्षांपूर्वीचा पूर सांगितला. पाणी शाळेच्या घड्याळापर्यंत आले, घड्याळ चार वाजून दहा मिनिटांनी थांबले, ते आजवर थांबलेलेच आहे, असे बोट दाखवून सांगितले. मोजणीदारांनी वहीत लिहून घेतले. त्या वेळी आतल्या यंत्राचा आवाज थांबला होता. अर्जदाराला वाटले, सौ.चा दोरा तुटला.

४. वस्तुस्थिती अशी की, ते घड्याळ चिमण्यांनी आत घरटे केल्याने बंद पडले. तेही त्या सालाच्या दोन वर्षे आधी.

५. पुढे मोजणीदार बाकीच्या चार गावांत गेले. मधल्या गावात घड्याळापर्यंत पाणी म्हटल्यावर आमचे गाव काय कोरडे होते का, असे म्हणून गिरणीवाल्याने गाय गिरणीच्या छपरावर नेऊन ठेवली, आणि ती चार दिवस छपराचे गवत खाऊन राहिली असे लिहून दिले. वळणावरच्या गावातल्या सुईणबाईंनी बाळंतीण कौलांवर बाळंत झाल्याचे सांगितले. त्या बाळाचे वयही सांगितले. वरचे आणि खालचे गावही मागे राहिले नाही. सर्वांनी अंगठे दिले, सह्या दिल्या. परिणामी आपली लाल रेषा पाचही गावांच्या छपरांवरून गेली. तिच्या वर उरली एकच वास्तू, टेकडीवरची पाण्याची टाकी.

६. आता नोटीस दारोदार चिकटली आहे. नवी वसाहत थोरलीच्याही पलीकडे, माळावर. तिथे खोल्या एकसारख्या आहेत, नळ आहेत, हे ऐकून आहे. नदी नाही. सौ. तिकडे जाणार नाही. नोटीस वाचून तिने एवढेच म्हटले की तुम्ही सगळे जा, मी पोरीपाशी राहते. अर्जदाराची पोर काठावरच्या जांभळीखाली आहे. चार वर्षांची होती. गोल गोल फिरत घरभर जायची, म्हणून तिला सगळे 'रीळ' म्हणत. गेली एक्केचाळीस वर्षे सौ. रोज दुपारी यंत्र बंद करून हातशिलाईचे काम घेऊन तिथे जाऊन बसते. पोलीस आणून तिला उचलून नेण्यात येईल असे आपले कारकून म्हणाले. सत्तरीला टेकलेल्या बाईला उचलायला फार बळ लागणार नाही, हे खरे आहे.

७. म्हणून अर्जदाराने पहिला अर्ज केला, की पूर खोटा आहे. त्यावर आपण चौकशी लावली. पाचही गावांतल्या प्रत्येक वृद्धाने शपथेवर सांगितले की पूर खरा होता, शिंप्याचे म्हातारपणी डोके फिरले आहे. दुसऱ्या अर्जाचेही तेच झाले. नोटिशीने ज्यांची घरे जाणार आहेत त्यांनीच हे सांगितले. आपल्याला याचे नवल वाटले असेल. अर्जदाराला वाटले नाही. त्यांनी असे का केले, हे अर्जदाराने मागील दोन्ही अर्जांत लपवले होते. ते या अर्जात लिहीत आहे.

८. त्या साली शाळेच्या गणवेशांचे काम आले होते. कोरे कापड शिवण्याआधी भिजवून आटवावे लागते, नाहीतर पहिल्या धुण्यात चड्डी आखडते. सौ. बारा वार निळे कापड घेऊन नदीवर गेली. एक टोक दगडाखाली, दुसरे प्रवाहात सोडलेले. रीळ तिच्या शेजारी बसून पाण्यावर हात मारत होती. वर दुकानात अर्जदार पाच-सहा जणांना थाप सांगत होता. अर्जदाराने म्हणे एका इतक्या उंच माणसाचा कोट शिवला की कॉलर लावायला झाडावर चढावे लागले. कोणी विश्वास ठेवीना. तेव्हा अर्जदाराने नदीकडे तोंड करून हाक मारली, "अगं, जरा वर ये, यांना सांग, बटणं तूच लावलीस ना त्या कोटाला?"

ती हसत वर आली. अशी साक्ष द्यायला तिला आवडे. बटणे बशीएवढी होती, असे तिने आपल्या मनाने घातले. सगळे खूप हसले. दहा मिनिटे झाली असतील, बारा झाली असतील.

९. दगड निसटला आणि कापड वाहू लागले. आईचे कापड चालले म्हणून ते धरायला रीळ पाण्यात उतरली. कापडाने तिला गुंडाळले. अधिक लिहिण्याचे प्रयोजन नाही.

१०. पाणी गुडघ्याएवढेही नव्हते. रीळसाठी त्याच आठवड्यात नवा फ्रॉक बेतला होता, म्हणून तिचे माप अर्जदाराला ठाऊक आहे. उंची साडेछत्तीस इंच. फ्रॉकला हेम, म्हणजे खालची दुमड, अडीच इंच जास्त ठेवली होती, वाढत्या अंगाची म्हणून.

११. संध्याकाळी पाचही गावांची माणसे काठावर जमली. अर्जदाराच्या चुलत सासूबाई खालच्या गावाहून आल्या. पाण्याकडे पाहून त्या सगळ्यांसमोर म्हणाल्या, "एवढ्याशा पाण्यात? मग आई कुठं होती?" सौ.ने मान खाली घातली. अर्जदाराने बोलावले होते म्हणून ती वर आली होती, हे सांगायला त्या वेळी अर्जदाराची जीभ वळली नाही. जी वळली ती सवयीप्रमाणे. तो म्हणाला, "पूर आला होता. वरून लोंढा आला एकदम. आत्ताच ओसरला."

काठावरचे दगड कोरडे होते. लोकांच्या पायांखाली धूळ होती. मग गिरणीवाला (आत्ताच्या गिरणीवाल्याचा बाप) घसा साफ करून म्हणाला, "हो. मोठा होता. गिरणीत शिरलं पाणी." त्यानंतर एकेकाने आपापल्या घरात पाणी शिरवले. चुलत सासूबाईंनी शेवटी पदराने डोळे पुसले आणि म्हणाल्या की त्यांच्या गावाला तर चूलसुद्धा बुडाली.

१२. अशा रीतीने पूर आला. पहिल्या वर्षी तो दुकानाच्या उंबऱ्यापर्यंत होता. अर्जदाराने दरसाल तो थोडा थोडा चढवला, कारण पाणी जितके उंच तितका सौ.कडे बोट दाखवायला हात कमी वर येतो. दहाव्या वर्षी ते घड्याळापर्यंत पोहोचले. कोणी खोडून काढले नाही. खोऱ्यातल्या ज्या माणसांनी अर्जदाराच्या बाकी एकाही थापेवर विश्वास ठेवला नाही, त्यांनी ही एक जपली, आपल्या पोरांनाही खरी म्हणून शिकवली. आता घरे चालली तरी ते सोडायला तयार नाहीत. सुईणबाईंना अर्जदाराने हात जोडून विनवले. त्या म्हणाल्या, "दादा, तुझ्या बायकोसमोर मी नाही हो पूर उतरवणार. माळावर राहीन."

१३. या कारणास्तव अर्जदाराने मागील दोन्ही अर्ज सौ.पासून लपवून केले, आणि ते जाहीर सुनावणीत वाचू नयेत अशी विनंती केली होती. पण अर्ज फेटाळल्याचे आपले पत्र आले तेव्हा अर्जदार बटणे आणायला बाजारात गेला होता. पोस्टमनने ते सौ.च्या हाती दिले. तिला वाचता येते. पत्रात शेवटी असे होते की, 'पाण्याच्या उंचीबाबत त्या वेळी प्रत्यक्ष घेतलेले माप असल्यास सादर करावे, अन्यथा पुन्हा अर्ज करू नये.'

अर्जदार परत आला तेव्हा पत्र यंत्रावर ठेवले होते आणि त्यावर एक मापाची फीत. ही फीत अर्जदार एक्केचाळीस वर्षे हरवली म्हणून सांगत आला आहे. पुरात वाहून गेली, थोरलीतून समुद्राला मिळाली, आणि खलाशी तिने लाटा मोजतात, इथपर्यंत त्याने ती नेली होती. ती सौ.च्या पत्र्याच्या पेटीत होती. साडेचौदा इंचांवर लाल दोऱ्याचा एक टाका.

सौ. काज करत होती. मान वर न करता म्हणाली, "अहो, पाणी साडेचौदा होतं. त्याच संध्याकाळी सगळे गेल्यावर मी मोजलं."

अर्जदाराने विचारले की मग इतकी वर्षे बोलली का नाहीस. तिने आधी दोरा तोडला.

"हाक तुम्ही मारली होती ना," ती म्हणाली. "मला वाटलं, तुम्हाला तो पूर लागतोय."

१४. अर्जदाराला वाटत होते की पूर तिच्यासाठी आहे.

१५. तरी साहेबांनी कृपावंत होऊन, (अ) सदर महापूर रद्द करावा. (आ) त्या दिवशीची पाण्याची पातळी साडेचौदा इंच अशी दप्तरी लावून लाल रेषा तिच्या जागी आणावी. (इ) पाचही गावांच्या साक्षीदारांवर खोटी साक्ष दिल्याबद्दल कारवाई करू नये. ती साक्ष त्यांनी आपल्याला दिलीच नव्हती, सौ.ला दिली होती, आपण फक्त मधे काठी घेऊन आलात. कारवाई करायचीच तर अर्जदारावर करावी. (ई) मागील अर्जांतील विनंती मागे घेऊन हा अर्ज सुनावणीत पाचही गावांसमोर मोठ्याने वाचावा. कलम आठ गाळू नये. सौ. त्या वेळी हजर राहील. तिनेच तसे सांगितले आहे. वाचणारा कारकून आवाजाचा खणखणीत असावा, सुईणबाईंना कमी ऐकू येते.

या अर्जात अर्जदाराने पदरचे काही घातलेले नाही. मासे पुलावर चढण्याची बाब तेवढी सोडावी.

आपला नम्र, आणि या खेपेस खरा,
(सही)
शिंपी, मधले गाव

साक्षीदार: (सही) अर्जदाराची पत्नी

दिनांक: नोटिशीच्या मुदतीचा एकाहत्तरावा दिवस

सोबत:
१) शाळेच्या घड्याळातील घरट्याबाबत मुख्याध्यापकांचा दाखला. आत अजून काड्या आहेत.
२) मापाची फीत, एक. टाका उसवू नये. मोजणीदारांनी ती ओढून धरू नये, जुनी झाल्याने ताणली की माप वाढते. काम झाल्यावर सौ.च्या हाती परत द्यावी. दुपारी आल्यास ती जांभळीखाली असते.