हातमोज्यातली पारख

प्रिय चिमण्या,

तुझं पत्र मिळालं. कागद छान जाड आहे, वर कारखान्याचा शिक्का आहे आणि खाली ‘आपला नम्र’ अशी सही आहे. अरे, मी तुझी सख्खी मोठी बहीण. तुझं शेंबडं नाक पुसलंय मी. माझ्याशी नम्र व्हायची वेळ तुझ्यावर का आली ते दुसऱ्या परिच्छेदात कळलं आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. तेव्हापासून मी घरात भांडी आपटते आहे आणि तुझे दाजी अंग चोरून वावरताहेत.

आधी बातमी सांगते, कारण तू तिची साधी विचारपूसही केलेली नाहीस. समोरची शिंपीण दवाखान्यातून घरी आली. तिच्या घरात धग उसळली तेव्हा ती इस्त्री करत होती. एरवी हीच धग जमिनीखालून नळाने येते, दिवे लावते, इस्त्री तापवते, गरीब गाईसारखी वागते. उसळली की मात्र ज्याला शिवेल त्याला त्याच्या मुळाची आठवण करून देते. शिंपिणीच्या टेबलाला पालवी फुटली, कपाटाने फरशीत मुळं रोवली, ते बघायला लोक अजून येतात. तिचे दोन्ही हात मनगटापर्यंत मातीसारखे गार पडलेत, ते बघायला कोणी येत नाही. काल तिने माझ्याकडे सुई मागितली. मी ती तिच्या चिमटीत नीट धरवली. ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली आणि म्हणाली, “दे ना.” सुई तिच्या बोटांतच होती, रे.

तिच्या भिंतीवरची रोखणी तुझ्या नव्या पेटीतली होती आणि ती बसवली होती मी. दुसऱ्या दिवशी मीच ती काढून उघडली. बाबांच्या रोखणीत काय असायचं ते तुला पाठ आहे: मुठीएवढी पितळी डबी, आत मिठाचा खडा. धग उसळली की खडा विरघळायचा, झडप पडायची, घर अंधारात जायचं आणि माणसं शाबूत राहायची. या डबीतला खडा अर्धाच विरघळला होता आणि तळाशी राख होती. मिठात राख, चिमण्या! दुकानदार कुरकुर करत होते की रोखण्या ऊठसूट अंधार करतात, म्हणून तू राख घालून रोखण्यांना सबुरी शिकवलीस. ग्राहक खूश, झडप निवांत.

तुला हात द्यायची रीत आठवते का? प्रत्येक पेटीतली एक रोखणी उचलायची, तिच्या तोंडावर बनवणाऱ्यानेच उघडा तळवा ठेवायचा आणि पलीकडून धग सोडायची. झडप केसभर उशिरा पडली तरी तळव्याला कळायचं आणि अख्खी पेटी भट्टीत जायची. तुझी पहिली पाळी आली तेव्हा तू बाकाखाली दडून बसला होतास. बाबा हसले, त्यांनी तुझ्याऐवजी स्वतःचा हात दिला आणि घरी कोणाला सांगितलं नाही. देऊन देऊन त्यांचा तळवा बधिर झाला. एकदा उकळता चहा हातावर सांडला तरी ते गप्पा मारत राहिले, आणि तू ढसाढसा रडलास. माझ्या हाताखाली कोणाचा हात असा होणार नाही, म्हणालास. कारखाना हाती आल्यावर तू जाड कातडी हातमोजे आणलेस ते त्या रडण्यापोटी, हे मला ठाऊक आहे, आणि त्यासाठी मला तुझं कौतुकच वाटलं. पण मोज्यातल्या हाताला उशिरा पडलेली झडपसुद्धा वेळेवरच वाटते. तुझ्या माणसांनी पेटीमागून पेटी ठीक आहे म्हणून सांगितलं. ते खोटं बोलले नाहीत, त्यांना काही जाणवलंच नाही. त्यानंतर उघडा हात कोणीच दिला नाही, तूही नाही.

इथवर मी तुला ‘चुकलास’ म्हटलं असतं, दोन धपाटे घातले असते आणि जेवायला वाढलं असतं. पण तुझ्या पत्रातला तो दुसरा परिच्छेद! इस्त्री गार पडू नये म्हणून शिंपिणीनेच झडप दोऱ्याने बांधून ठेवली होती, असं तू चौकशीवाल्यांना सांगितलंस. बसवणारी म्हणून मीही उद्या तसंच सांगावं म्हणतोस. वर लिहितोस, तिच्या घरी दोऱ्याला काय तोटा, लोकांना सहज पटेल. लाज कशी वाटली नाही तुला हे लिहिताना? जिला हातातली सुई कळत नाही तिच्याच गळ्यात हे बांधायचं, आणि बाकीच्या रोखण्या भिंतींवर तशाच ठेवायच्या? माझ्या गल्लीत त्या घरोघर आहेत, पाळणाघरात आहेत. मी काढायला गेले तर लोक दारातून परत पाठवतात, म्हणतात चौकशीचा हुकूम आण.

म्हणून हे पत्र दाजींच्या हाती आजच पाठवते आहे. काय ठरवलंय ते त्यांना सांगितलेलं नाही, तूही सांगू नकोस. उद्या चौकशीच्या खोलीत मी तुझ्या पेटीतली सीलबंद रोखणी सगळ्यांसमोर भिंतीवर लावणार, तिच्या तोंडावर माझा उजवा हात ठेवणार आणि धग सोडायला सांगणार. मोजा घालणार नाही. तुझी रोखणी चांगली असेल तर मला काही होणार नाही, तू खुशाल घरी बस. पण हे वाचून तुझ्या पोटात गोळा आला असेल, तर खरं काय ते तुला आधीपासून माहीत आहे. मग धावत ये, आणि मी हात ठेवायच्या आत सगळ्यांसमोर बोल.

रागावलेली, तरीही तुझीच,
ताई